टाइल्सखाली गेलेला दगड

(कामठा, जि. गोंदिया इथे तरुण मुलामुलींसमोर केलेल्या भाषणाचा मजकूर)



मी कामठ्याचा. पुण्यात कुणी गाव विचारलं आणि मी 'कामठा' म्हटलं, की समोरचा लगेच म्हणतो, 'अच्छा, नागपूरजवळचं कामठी!' मग मी सांगतो, कामठी नाही हो, कामठा. गोंदियाजवळचं. धानाच्या बांध्या, लहरी बाबांचा आश्रम, जुन्या जमीनदारीचा किल्ला, ते कामठा. आज पहिल्यांदाच अशा लोकांसमोर बोलतोय ज्यांना हे समजावून सांगावं लागणार नाही.

आयोजकांनी मला सॉफ्टवेअरमधल्या नोकऱ्यांवर बोलायला बोलावलं होतं. मी म्हटलं, ती माहिती पोरांना मोबाइलवर माझ्यापेक्षा चांगली मिळते. मला दुसऱ्याच विषयावर बोलू द्या. कलेच्या इतिहासावर. ते म्हणाले, 'इंजिनीअर साहेब, तुमचा आणि त्याचा काय संबंध?' संबंध आहे, आणि तो फार अभिमानाचा नाही. तिथूनच सुरू करतो.

माझ्या नानीच्या गावी एक लहान मशीद आहे. गावाचं नाव सांगत नाही, कारण यात दोष कुणाचा असेल तर पहिला माझा आहे. लहानपणी सुट्टीत जायचो तेव्हा त्या मशिदीच्या दारावर एक काळा दगड होता. हातभर लांब. त्यावर उठावाची अक्षरं होती. चुन्याचे हात इतके बसले होते की अक्षरांच्या कडा गोल झाल्या होत्या. कुणालाच ती वाचता येत नव्हती. नानी म्हणायची, 'बादशाहाच्या जमान्याचं आहे.' मोठे मामू म्हणायचे, 'काही नाही, आयत आहे.' मौलानांनी एकदा बघून सांगितलं, 'अरबी नाही, फारसी आहे.' त्यापुढे कुणी विचारलं नाही. मीही नाही.

पुढे मी इंजिनीअर झालो, नोकरी लागली. तेव्हा कमिटीचा फोन आला. मशिदीचं काम काढलंय, भिंतींना टाइल्स लावायच्यात, दारावर ग्रॅनाइट बसवायचंय, तुमच्याकडून काहीतरी यायला पाहिजे. मी २१ हजार पाठवले. आनंदानं पाठवले. ईदला गेलो, मशीद चकचकीत झाली होती. दारावर ग्रॅनाइटची पाटी होती, तिच्यावर देणगी देणाऱ्यांची नावं कोरली होती आणि त्यात चौथं नाव माझं होतं. अम्मीनं त्याचा फोटो काढून सगळ्या खानदानाला पाठवला.

रात्री झोपताना माझ्या लक्षात आलं, की माझं नाव जिथे लागलंय तिथेच तो काळा दगड होता. सकाळी विचारलं. मिस्त्री म्हणाला, 'तो निघत नव्हता. मग त्याला टाचे मारले, वरून सिमेंट घातलं आणि ग्रॅनाइट चिकटवलं.' टाचे मारले म्हणजे छिन्नीनं खड्डे पाडले, सिमेंट नीट धरावं म्हणून.

मी पुष्कळ जणांना विचारलं की त्या दगडाचा कुणाकडे फोटो आहे का. एकाकडेही नव्हता. शेवटी खालाच्या लग्नाच्या अल्बममध्ये एक सापडला. मशिदीच्या दारात दुल्हा उभा आहे आणि त्याच्या सेहऱ्यामागे दगडाचा डावा कोपरा दिसतो. फारसी जाणणाऱ्या एका ओळखीच्या माणसाला तो फोटो मोठा करून पाठवला. त्यांनी कळवलं, एकच शब्द खात्रीनं वाचता येतो, 'सना'. सना म्हणजे साल. आणि सालाचा आकडा नेमका सेहऱ्याच्या फुलांमागे.

त्या दिवसापासून मी कलेचा इतिहास वाचायला लागलो. कामावरून आल्यावर, शनिवार-रविवारी, जमेल तसा. मी या विषयातला तज्ज्ञ नाही. एका नुकसानीनंतर शहाणा झालेला माणूस एवढीच माझी लायकी समजा आणि ऐका.

आता कलेचा इतिहासकार करतो काय? माझी समजूत अशी होती, की तो सुंदर चित्रं बघतो आणि 'वा' म्हणतो. तसं नाही. त्याचं काम आमच्या धंद्यातल्या एका कामासारखं आहे. नवीन कंपनीत गेलात की तुमच्या गळ्यात जुना कोड पडतो. लिहिणारा केव्हाच निघून गेलेला असतो, लेखी माहिती काही नसते. मग तुम्ही विचारता, हे कोणी लिहिलं, कधी लिहिलं, कुणासाठी लिहिलं, नंतर कुणी कुठे हात मारला आणि का मारला? कलेचा इतिहासकार दगडाला, कागदाला, रंगाला हेच प्रश्न विचारतो. शेवटचा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा, नंतर यात कुणी काय बदललं?

याचं आपल्या महाराष्ट्रातलंच एक उदाहरण देतो. पुण्यात सदाशिव पेठेत भारत इतिहास संशोधक मंडळ आहे. १९१० साली इतिहासाचार्य राजवाडे आणि त्यांच्या सोबत्यांनी ते स्थापन केलं. मराठ्यांच्या इतिहासाची कागदपत्रं म्हटलं की तेच नाव आधी येतं. त्या मंडळाच्या संग्रहात एक फारसी हस्तलिखित आहे, 'तारीफ-ए-हुसेनशाही'. अहमदनगरचा निजामशाही सुलतान हुसेन निजामशाह पहिला याच्या गौरवाचं ते काव्य आहे. कवीचं नाव आफताबी. काळ १५६५ च्या आसपासचा. तालिकोटची लढाई झाली ते हे साल, हिजरी ९७२. दख्खनमधल्या चित्रकलेचे जे अगदी जुने नमुने आज शिल्लक आहेत, त्यांत या पोथीतली चित्रं मोडतात. बारा चित्रं उरली आहेत.

इतिहासकारानं ती चित्रं बघितली तेव्हा त्याला काय दिसलं? क्षितिज वर चढवलेलं, आकाश सोनेरी, ही इराणी चित्रांची पद्धत. पण बायका बघा. त्यांच्या चोळ्या, गोंडे लावलेल्या लांब वेण्या, उभं राहण्याची ढब इथली आहे, दख्खन-माळव्याकडची. एका चित्रात बाईच्या स्पर्शानं झाड फुलतं. ही कल्पना फार जुनी, देशी, आपल्या देवळांच्या शिल्पांत सापडणारी. आणि ती एका मुसलमान सुलतानाच्या फारसी पोथीत येऊन बसली आहे. कुणी मुद्दाम 'आपण आता सलोखा दाखवू' असं ठरवून ते केलेलं नाही. चित्रकाराला हेच येत होतं, राजाला हेच आवडत होतं. इथे राहणारी माणसं इथल्यासारखी झाली, बस.

आता त्या शेवटच्या प्रश्नाकडे येतो. या चित्रांत सुलतानाच्या शेजारी त्याची बेगम बसलेली होती, खुंजा हुमायूं. राजाशेजारी राणीला अशी जागा देणं त्या काळच्या मुस्लिम दरबारांच्या चित्रांत सहसा दिसत नाही. पण काही चित्रांत ती आकृती नंतर कुणीतरी रंग देऊन, खरवडून घालवली आहे. का? हुसेन निजामशाह १५६५ मध्येच वारला. मुलगा लहान होता म्हणून कारभार या बेगमेनं हातात घेतला. पुढे मुलानंच तिला सत्तेवरून काढलं आणि कैदेत टाकलं. तिची आकृती त्या वेळी पुसली गेली असावी असा अभ्यासकांचा अंदाज आहे. म्हणजे राणी डिलीट केली. पण डिलीट केल्याची खूण राहिली, आणि त्या खुणेवरूनच आज आपल्याला ती जास्त कळते. तिची मुलगी तुम्हाला सगळ्यांना माहीत आहे. मोगलांसमोर अहमदनगरचा किल्ला लढवणारी चांदबीबी ती हीच.

हे हस्तलिखित मूळ मजकूर, भाषांतर आणि प्रस्तावनेसह १९८७ साली मंडळानंच छापलं. संपादन कुणी केलं? डॉ. ग. त्र्यं. कुलकर्णी आणि डॉ. म. श्री. माटे. माटे सर पुण्याच्या डेक्कन कॉलेजातले. त्यांनी मराठा वास्तुकलेवर लिहिलं, दख्खनच्या लाकूडकामावर लिहिलं, दौलताबादच्या उत्खननाचं काम केलं, जुन्या काळच्या पाणीव्यवस्थेवर लिहिलं. जुनं म्हणजे फक्त अजिंठा-वेरूळ आणि मधली पाचशे वर्षं रिकामी, असं त्यांनी मानलं नाही. वाड्याचा खांब, मशिदीची कमान, खापरी नळाचा तुकडा, सगळं त्यांना अभ्यासाचं वाटलं.

ही नावं मी मुद्दाम घेतोय. आपल्यापैकी पुष्कळांच्या मनात असतं, आमचा इतिहास कुणी सांभाळत नाही. ही तक्रार अगदी खोटी आहे असं मी म्हणणार नाही. पण आपल्या चांदबीबीच्या आईची चित्रं सदाशिव पेठेत सांभाळली गेली आणि कुलकर्णी-माटे यांनी ती जगासमोर आणली, हेही खरं आहे. आणि माझ्या नानीच्या मशिदीतला दगड कुणी परक्यानं फोडला नाही. माझ्या २१ हजारांनी तो बुजवला, हे त्याहून खरं आहे.

आता नागपूरकडे या. आपल्या घरापासून ट्रेननं दोन-अडीच तासांवर. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची अरबी-फारसी शिलालेखांची शाखा नागपुरात आहे. संपूर्ण देशातल्या अरबी-फारसी शिलालेखांचं काम आपल्या विदर्भातून चालतं, हे इथे किती जणांना माहीत होतं? हात वर करा... बघा. मलाही नव्हतं. मी नागपुरात चार वर्षं इंजिनीअरिंग केलं, त्या भागातून शंभर वेळा गेलो असेन.

या कामातलं मोठं नाव म्हणजे डॉ. झियाउद्दीन देसाई. मूळचे गुजरातचे, जन्म १९२५, निधन २००२. त्यांनी आयुष्याचा मोठा काळ हेच केलं. गावोगावच्या मशिदी, दर्गे, विहिरी, वेशी यांच्यावरच्या लेखांचे ठसे घ्यायचे, वाचायचे आणि छापायचे. ठसा घेण्याची पद्धत सोपी पण चिकाटीची आहे. दगड पाण्यानं आणि मऊ ब्रशनं स्वच्छ करतात. ओला कागद त्यावर बसवतात. ब्रशनं ठोकून ठोकून कागद अक्षरांच्या खाचांत उतरवतात. मग वरून शाई फिरवतात. कागद वाळला की दगडाची हुबेहूब प्रत हातात येते. देसाईंनी भारतातल्या मशिदींवर सामान्य वाचकासाठी इंग्रजीत छोटं पुस्तकही लिहिलं. मशीद बांधणारा कारागीर कुठला, खांब कसे, कमान कशी, हे त्यात येतं. ते वाचल्यावर कळतं, की प्रत्येक प्रांताच्या मशिदीनं त्या प्रांताची भाषा उचलली. गुजरातेत ती गुजराती दिसते, बंगालात बंगाली. बंगालातल्या जुन्या मशिदींचं छप्पर तिथल्या बांबूच्या झोपडीसारखं वाकलेलं असतं.

तुमच्यातल्या गणितवाल्यांसाठी एक गंमत. ७८६ हा आकडा आपण रिक्षावर, दुकानावर, लग्नपत्रिकेवर लिहितो. तो येतो कुठून? अरबी अक्षरांना आकड्यांच्या किमती आहेत. अलिफ १, बे २, जीम ३, दाल ४, ये १०, असं करत गैनपर्यंत, गैन १०००. याला अबजद म्हणतात. 'बिस्मिल्लाह'च्या पूर्ण वाक्यातल्या अक्षरांची बेरीज ७८६ होते. याच हिशोबानं शिलालेख लिहिणारे कवी एखादी ओळ अशी रचत, की तिच्या अक्षरांची बेरीज केली की बांधकामाचं हिजरी साल निघतं. म्हणजे कवितेत तारीख लपवायची. लेख वाचणाऱ्याला भाषा यावी लागते, अक्षराचं वळण ओळखावं लागतं आणि बेरीजही यावी लागते. शिवाय हिजरी वर्ष चांद्र, सौर वर्षापेक्षा साधारण ११ दिवसांनी लहान. त्यामुळे हिजरी साल कळल्यावर इसवी साल काढायला नुसती वजाबाकी चालत नाही.

मी याचा छोटा प्रोग्रॅम लिहून ठेवला आहे. ओळ टाकली की साल देतो. तो अजून माझ्या काही कामाला आलेला नाही. कारण माझ्याकडे टाकायला ओळच नाही.

आता दुसऱ्या बाजूचं उदाहरण. अजिंठ्याची लेणी. बौद्ध लेणी. ती त्या काळी हैदराबादच्या निजामाच्या राज्यात होती. १९१४ मध्ये त्या राज्यानं पुरातत्त्व खातं सुरू केलं आणि त्याचे प्रमुख झाले गुलाम यझदानी. दिल्लीचे, जन्म १८८५. अरबी-फारसीचे जाणकार. मुस्लिम शिलालेखांच्या सरकारी नियतकालिकाचे ते बरीच वर्षं संपादक होते. आता अशा माणसाच्या हातात अजिंठा आला. तो म्हणू शकला असता, हे आपलं नाही, आपण बीदर बघू.

त्यांनी बीदरही बघितलं. १९४७ साली बीदरच्या वास्तूंवर त्यांचं मोठं पुस्तक आलं. पण अजिंठ्यासाठी त्यांनी आयुष्य घातलं. त्यांच्या काळात, १९२०च्या सुमाराला, भिंतींवरची चित्रं सुटून पडू नयेत म्हणून इटलीहून लोरेंझो चेकोनी आणि त्यांचे साथीदार अशा जाणकारांना बोलावलं गेलं. मग यझदानींनी चित्रांचे रंगीत आणि साधे फोटो काढवून घेतले आणि अजिंठ्याचे चार भाग प्रसिद्ध केले. पहिला १९३०, शेवटचा १९५५. पंचवीस वर्षं! मध्ये महायुद्ध झालं, फाळणी झाली, ज्या राज्यानं हे काम काढलं ते राज्यच संपलं. काम थांबलं नाही. १९५९ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळालं.

त्यांच्याही आधी, १९१०-११ च्या सुमाराला, लेडी हेरिंगहॅम नावाच्या एक इंग्रज चित्रकार बाई अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला करायला आल्या. त्यांच्याबरोबर कलकत्त्याचे नंदलाल बोस होते आणि हैदराबादचे सय्यद अहमद व मुहम्मद फजलुद्दीन होते. अंधाऱ्या लेण्यात, वटवाघळांच्या वासात बसून या दोघांनी जातककथांच्या चित्रांच्या रेषा उतरवल्या.

तुम्हाला वाटेल, हा माणूस एकतर्फी गोड गोड सांगतोय. मग एक कडू गोष्टही सांगतो. त्या इटालियन जाणकारांनी चित्रांवर शेलॅकचा, म्हणजे लाखेचा थर दिला. हेतू चांगला होता. पण काळानुसार तो थर पिवळा-तपकिरी पडला, चित्रं काळपटली, आणि नंतरच्या पिढ्यांना तो थर काढत बसावं लागलं. म्हणजे जगातले उत्तम जाणकार बोलावूनही चूक झाली. मग आपल्या कमिटीचं आणि मिस्त्रीचं काय घेऊन बसलात? फरक एवढाच आहे, की अजिंठ्यात काय केलं, कधी केलं याची नोंद होती. म्हणून पुढच्यांना दुरुस्ती करता आली. चूक होणारच. पण नोंद असेल तर ती उलटवता येते. आमच्या धंद्यात बॅकअप न घेता चालू सिस्टीमवर हात मारणाऱ्याला दुसऱ्या दिवशी नोकरी नसते. मशिदीवर हात मारताना मीच बॅकअप घेतला नाही.

आता गोंदियाचा माणूस. म्हणजे गोंदियाचा नव्हे, पण आपल्या गोंदियात थोडे दिवस मास्तर असलेला. सय्यद हैदर रझा. नाव ऐकलंय? ज्यांच्या चित्रात मोठा काळा गोल असतो, बिंदू, तेच. जन्म १९२२, मंडला जिल्ह्यातल्या बाबरिया गावचा. वडील जंगल खात्यात. आपल्या गोंदियाहून नैनपूरमार्गे जबलपूरला जाणारी छोटी लाईन होती, तिचाच फाटा मंडल्याला जायचा. म्हणजे तसे आपले शेजारीच.

हा मुलगा नागपूरच्या कलाशाळेत शिकला. घरी वडील निवृत्त, नोकरी हवी होती. रझांनी स्वतःच्या आठवणींत सांगितलंय, की ते गोंदियात ड्रॉइंगचे शिक्षक झाले. महिनाभरातच मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये शिकायला मध्य प्रांत सरकारची शिष्यवृत्ती मिळाली. हे सप्टेंबर १९४३ चं. नोकरीचा राजीनामा देऊन मुंबईला पोचले, तोवर प्रवेश बंद झाले होते. शिष्यवृत्ती परत घेतली गेली. सरकारनं विचारलं, अकोल्याला ड्रॉइंग मास्तर व्हाल का? इथे आपल्या घरात काय झालं असतं सांगा. अम्मी म्हणाली असती, 'सरकारी नोकरी आहे बेटा, घे.' रझांनी घेतली नाही. एका ब्लॉक बनवणाऱ्या स्टुडिओत दिवसभर काम केलं आणि संध्याकाळी चित्रकला शिकले. पुढे जे. जे.मध्येही शिकले.

१९४७ मध्ये मुंबईत प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुप झाला. सूझा, रझा, हुसेन, आरा, बाकरे आणि गाडे. हे गाडेसुद्धा नागपूरच्या कलाशाळेतलेच. त्यातली नावं बघा आणि साल बघा. देश फाटत होता, तेव्हा ही पोरं एकत्र प्रदर्शन भरवायच्या गोष्टी करत होती. रझांचे भाऊबहीण पाकिस्तानात गेले. रझा गेले नाहीत. १९५० मध्ये फ्रान्सला गेले, तिथे साठ वर्षं राहिले, पण शेवटपर्यंत भारतीय नागरिक राहिले.

कलेचा इतिहासकार आधुनिक चित्राजवळ येतो तेव्हाही तेच प्रश्न विचारतो. हा गोल कुठून आला? एक धागा शाळेत जातो. ककैया गावच्या शाळेत हा मुलगा एका जागी बसत नसे, म्हणून गुरुजींनी भिंतीवर एक ठिपका काढला आणि म्हणाले, याच्याकडे बघत बस. दुसरा धागा काश्मीरला जातो. १९४८ मध्ये तिथे फोटोग्राफर आँरी कार्तिए-ब्रेसाँ भेटले. त्यांनी रझांना सांगितलं, तुझ्या चित्रात रंग चांगले आहेत पण रचना नाही. चित्र इमारतीसारखं असतं, पाया, भिंती, तुळया, छप्पर. सेझानची चित्रं बघ. तिसरा धागा मध्ययुगात जातो. रझांच्या चित्रांतले ते गडद लाल-पिवळे पट्टे, चौकटीत चौकट, हे राजस्थानी लघुचित्रांच्या घराण्यातलं आहे. म्हणजे १९८०चा बिंदू वाचायला तीनशे वर्षांपूर्वीचं चित्र माहीत असावं लागतं. मध्ययुग आणि आधुनिक अशी भिंत पुस्तकात असते, चित्रकाराच्या डोक्यात नसते.

'मुसलमान असून बिंदू, पंचतत्त्व कसं काय?' हा प्रश्न रझांच्या बाबतीत दोन्हीकडून येतो. मला उत्तर त्यांच्या कबरीत दिसतं. २३ जुलै २०१६ ला ते दिल्लीत गेले. त्यांच्या इच्छेप्रमाणे मंडल्याला, वडिलांच्या कबरीशेजारी दफन झाले. नर्मदेच्या गावी. ज्या मातीतून बिंदू आला तिथेच ते गेले.

मला नेहमी विचारतात, आपल्यात चित्र चालतं का? मी आलिम नाही, फतवा देणार नाही. ज्याला शंका आहे त्यानं जाणकारांना विचारावं. मी फक्त इतकं सांगतो, की आपल्या लोकांनी या देशात अक्षरं कोरली, घुमट बांधले, पोथ्या रंगवल्या, दुसऱ्यांच्या लेण्या जपल्या आणि पॅरिसला जाऊन चित्रं काढली. हे झालेलं आहे. झालेलं लपवून कुणाचंही भलं होत नाही. शेवटी ती खरवडलेली राणीच दिसत राहते.

आता कामाचं बोलू. घरी गेल्यावर काय करायचं?

एक. तुमच्या आजोळी, सासरी, कुठेही मशीद, दर्गा, कब्रस्तान, जुनी विहीर, वाडा असेल आणि त्यावर लेख किंवा नक्षी असेल, तर आधी फोटो काढा. कमिटीला, मुतवल्लींना विचारून काढा. समोरून एक, आणि सकाळी किंवा संध्याकाळी तिरप्या उन्हात एक. तिरप्या उजेडात उठावाची अक्षरं सावली टाकतात आणि वाचता येतात. उन नसेल तर मोबाइलचा टॉर्च बाजूनं धरा. बाजूला पट्टी किंवा टेप ठेवा म्हणजे आकार कळेल.

दोन. गाव, तालुका, तारीख, दगड नेमका कुठे आहे आणि म्हातारी माणसं त्याबद्दल काय सांगतात, हे लिहून ठेवा. नानीचं 'बादशाहाच्या जमान्याचं' हेसुद्धा लिहा. चूक असलं तरी लिहा.

तीन. स्वतः घासू नका. ॲसिड नको, वायर ब्रश नको, ऑइलपेंट तर नकोच. ठसा घ्यायचा प्रयत्नही करू नका, तो शिकलेल्या माणसाचं काम आहे. चुना असेल तर असू द्या. चुना नंतर निघतो. सिमेंट काढायला गेलं तर दगडाचा पापुद्रा निघतो.

चार. फोटो नागपूरच्या कार्यालयाला पाठवा, विचारा. विद्यापीठात फारसी, इतिहास, पुरातत्त्व शिकवणारे असतात, त्यांना विचारा. जातधर्म न बघता विचारा. मला मदत करणाऱ्यांत निम्मी माणसं मुसलमान नव्हती.

पाच. कमिटीशी भांडू नका. त्यांचंही खरं असतं, छत गळतं, नमाजींना जागा पुरत नाही. एवढंच म्हणा, 'काम करा, पण तो दगड आहे तिथे राहू द्या. टाइल्स त्याच्या भोवतीनं लावा.' मिस्त्रीला ते अर्ध्या दिवसाचं काम आहे. मी तेव्हा एक फोन केला असता तर झालं असतं.

आणि सहा, आईवडिलांसाठी. पोरगी म्हणाली मला कलेचा इतिहास शिकायचाय, तर 'त्यात काय मिळणार' असं लगेच म्हणू नका. फारसी येणारी, दगड वाचणारी माणसं कमी होत चालली आहेत. सॉफ्टवेअरवाले आम्ही पुष्कळ आहोत.

शेवटचं. मी कमिटीला अर्ज दिला आहे, की पुढच्या वेळी काम निघालं तर ती ग्रॅनाइटची पाटी काढून बघू. टाच्यांच्या मधल्या जागी कदाचित अक्षरं उरली असतील. दोन वयस्कर सदस्य म्हणाले, 'अरे, तुझंच नाव आहे ना त्या पाटीवर?' मी म्हटलं, 'आहे ना, म्हणूनच तर काढा म्हणतोय.' अजून उत्तर आलेलं नाही. परवा पुन्हा विचारायला जाणार आहे.

तुमच्या गावात असा दगड असेल तर आज घरी जाताना वाट वाकडी करून बघून या. उजेड आहे अजून.